चिकटपट्टीचा उंबरा

मुकुंदवाडीचं घर सोडून जर्मनीला निघाले त्या सकाळी रिक्षा दारात उभी होती, हातावर दही पडलं होतं आणि घाईत माझा पाय थेट उंबऱ्यावर पडला. आईनं तिथंच अडवलं. "उंबऱ्यावर पाय देतेत व्हय गं? ये आत. बस, घोटभर पाणी पी, मग नीघ." विमान चुकेल म्हणून मी चिडले, पण बसले, पाणी प्याले आणि गुडघा चांगला उचलून बाहेर पडले. घराजवळच शेंद्र्याच्या कारखान्यांत चांगली नोकरी मिळत असताना ही कुठं निघाली, हे शेजाऱ्यांचं कोडं तेवढं मागं राहिलं.

तिकडं राहिलेल्यांनो आणि माझ्यासारखं निघून आलेल्यांनो, मी इथं काय करते ते ऐका. माणसासारख्या दोन पायांच्या रोबोला मी चालायला शिकवते. अंगभर सेन्सरचा सूट चढवून आम्ही लॅबमध्ये चालत राहायचं, आमची चाल टिपली जाते आणि रोबो त्यावरून शिकतो. एवढं शिकून पगार चालण्याचा घेते, असं काका म्हणतात, आणि ते खोटं नाही.

वृद्धांच्या एका निवासात ह्या रोबोनं खोल्याखोल्यांत पाणी पोचवायचं होतं, तेही कुणी रिमोट न धरता. पहिल्या चाचणीत तो पहिल्याच दारात तोंडावर आपटला. इमारत जुनी, दारादाराला लाकडी उंबरा, आणि माझे उंच सहकारी पाय घासत चालणारे. त्यांचंच बघून शिकलेला तो, दुसरं काय करणार? पुन्हा पडला तर प्रकल्प बंद होणार होता, आणि त्याबरोबर माझी नोकरी आणि व्हिसाही.

मग लॅबच्या फरशीवर चिकटपट्टीनं दारं आखून आम्ही पुन्हा चाललो. माझं रेकॉर्डिंग बघून योनास हा सहकारी हसायलाच लागला. प्रत्येक पट्टी मी गुडघा उचलून ओलांडली होती. फरशी सपाट, अडायला काही नाही, मग हे काय, म्हणत त्यानं ते बाद करायला घेतलं. मी अशी चालते हे मलाच ठाऊक नव्हतं. आधी लाज वाटली, मग आई आठवली आणि मी हट्टाला पेटले. ह्याच चालीवर शिकवायचं, म्हटलं. कॉम्प्युटरमधल्या खोट्या घरांत पडत-उठत रोबो शिकला. पाय कुठं उचलायचा, हे हळूहळू त्याचं तोच ठरवू लागला.

चाचणीच्या दिवशी रिमोट टेबलावर पडून होता. पाण्याचा ट्रे घेऊन तो दाराशी थांबला, मान खाली घातली, गुडघा उचलला आणि पलीकडे गेला. मग दुसरं दार, तिसरं दार. खोलीतल्या आजींनी पेला उचलून त्याचे आभार मानले. मी चक्क शिट्टी मारली, घरी मारली असती तर बोलणी खाल्ली असती. प्रकल्प वाचला. योनास आता पट्टी दिसली की गुडघा उचलतो आणि हसायची पाळी माझी असते.

आईला व्हिडिओ दाखवला. तिनं तो पुन्हा लावायला सांगितला, डोळे पुसले आणि म्हणाली, "लेकराला वळण लई चांगलं लावलंस."

बॅगेत चटण्या-लोणची आली, घर मात्र तिकडंच राहिलं, असं मला कित्येक दिवस वाटायचं. ते माझ्या पायांतून आलं होतं. आता इथल्या कुठल्याही दारात रोबो गुडघा उचलतो, तेव्हा आमच्या मुकुंदवाडीच्या घरातूनच बाहेर पडतो.