उसन्या नावाचा सिनेमा

ओताकार व्रबाचं डोकं मुळातच वाकडं. रशियन रणगाडे प्रागमध्ये घुसले ते बरंच झालं, असं लिहून सही करा म्हणाले, तर यानं केली नाही. झालं! दोन्ही कादंबऱ्या वाचनालयांतून गायब झाल्या, स्टुडिओतलं पटकथा लिहिण्याचं काम गेलं आणि कादंबरीकार महाशय दुकानांच्या काचा पुसायला लागले.

त्याचा स्टुडिओतला दोस्त राडिम. त्यानं मुकाट्यानं सही केली होती. एकदा बिअर पाजून तो म्हणाला, "ओता, तू लिही. नाव माझं घालू. दिवस पालटले की तुझं तुला परत."

तेव्हा असली उसनी नावं सर्रास चालायची. नियम एकच, मागे कागद ठेवायचा नाही. ओताकार हातानं लिही, राडिम टाइप करून नेई आणि मूळ कागद ओताकारची बायको लिबुशे शेगडीत घाली.

"दोन पानं तरी राहू दे गं."

"आणि पोलीस आले की काय, त्यांना वाचून दाखवू?"

सिनेमा तुफान चालला. गुत्त्यांत लोकांच्या तोंडी त्यातलेच संवाद. ओताकार बाहेरून काच पुसता पुसता ऐकायचा आणि जळफळायचा.

मग वीसेक वर्षांनी एकदाचं कम्युनिस्ट सरकार कोसळलं. ओताकार धावतच राडिमकडे गेला. "आता सांगून टाक बाबा सगळ्यांना."

राडिम कपात चमचा फिरवत बसला. "सही केली म्हणून आमच्यावर सगळे तुटून पडलेत रे. माझ्या पदरात हा एक सिनेमा तेवढा उरलाय. तोही काढून घेतोस?"

"माझा आहे तो."

"मग दाखव ना कागद."

बोलून गेल्यावर राडिमचं तोंड उतरलं. पण शब्द काही त्यानं मागे घेतला नाही.

वसंतात बंदी भोगलेल्या लेखकांचा सत्कार झाला. भाषणाला कोण, तर त्या गाजलेल्या सिनेमाचा लेखक म्हणून राडिम! त्यानं माईक जवळ ओढला. "माझ्या या मित्राला त्यांनी इतकी वर्षं एक ओळ लिहू दिली नाही. एवढ्या गुणी माणसाच्या हातून काहीच झालं नाही." सारं सभागृह उठून टाळ्या वाजवायला लागलं.

"बोल की," लिबुशेनं ओताकारला कोपरानं ढोसलं. "आता नाही तर कधी?"

ओताकार उठला. काय बोलणार, कपाळ? खरं सांगितलं, तर हीच माणसं म्हणणार, स्वतःला काही जमलं नाही, म्हणून म्हातारा दोस्ताचं लाटतोय.

त्यानं वाकून सगळ्यांचे आभार मानले.