आबा थांबत ते पान

आबा गेल्याची बातमी आली तेव्हा मी आबांविरुद्धच तक्रार लिहीत होतो. वाचनालयाच्या कार्यकारी मंडळाला मी आजवर किती पत्रे पाठवली, हे मंडळालाच विचारावे. उत्तर एकाचेही आले नाही. ‘सदर ग्रंथपाल एकच ग्रंथ पुनःपुन्हा आरंभापासून वाचून दाखवीत असून तो पूर्ण करण्यास हेतुपुरस्सर...’ इथवर मजकूर आला होता. तेवढ्यात वाचनालयाचा शिपाई दारात उभा राहिला. “नाना, आबा गेले. चहाची बशी हातात होती.” वाक्याचे क्रियापद लिहायचे राहून गेले. माझे म्हणणे पुरे होण्याआधी उठून जाण्याची आबांची सवय शाळेपासूनची. धुळ्याला आम्ही एका बाकावर बसत होतो. पुढे मी जळगावच्या कोर्टात वकिलीला आलो आणि माझ्या मागोमाग तेही आले, बहुधा मला आयुष्यभर चिडवता यावे म्हणून.

ग्रंथपाल म्हणून त्यांनी जे काही केले, त्यातील निम्मे तरी नियमबाह्य होते. महायुद्ध संपण्याच्या आधीचे जे एक वर्ष, त्यावर मिळेल ते पुस्तक त्यांनी जमवले. सेनापतींच्या आठवणी, मंत्र्यांची भाषणे, रेशनच्या रांगांवरचे लेख, सगळे एका कपाटात. त्या कपाटासाठी कायद्याचे निवाडे जिन्याखाली गेले. मी लेखी हरकत घेतली. आबा म्हणाले, “नाना, तुझे निवाडे फक्त हरलेला माणूस वाचतो. हे वर्ष सगळ्यांनी भोगलंय.” याला उत्तर म्हणत नाहीत. परंतु ऐकणारे हसले, आणि निवाडे जिन्याखालीच राहिले.

त्या वर्षात पिंप्राळ्याच्या अक्कांचा एकुलता मुलगा रामदास ब्रह्मदेशच्या आघाडीवर एका नदीच्या वळणावर दिसेनासा झाला. सरकारी कागदावर शब्द होता ‘बेपत्ता’. त्याची बायको इंदू तेव्हा जेमतेम विशीची. सात वर्षे ज्याची खबर नाही तो मृत मानावा, असे पुराव्याचा कायदा सांगतो. ती मुदत उलटून गेली. चोपड्याच्या एका केळीवाल्या शेतकऱ्याने, बायको वारल्यावर, इंदूला मागणी घातली. त्यांच्या समाजात विधवेचा पाट, म्हणजे दुसरे लग्न, लागतो; त्यात कमीपणा नाही. फक्त घरच्या वडीलधाऱ्या माणसाने मुलगा गेला असे म्हटले पाहिजे. मी अर्ज तयार केला, अक्कांना वाचनालयात बोलावले, शाईची गादी पुढे ठेवली. अक्कांनी विचारले, “मना पोऱ्या जठे गया, तठलं काही लिखेल शे का?”

इथे आबांनी गप्प बसायचे होते. ते म्हणाले, “आहे अक्का. एका पुस्तकात आहे.”

झाले! अक्कांचे माहेर धुळ्याकडचे, तोंडात ठाम अहिराणी. “मंग पोथीसारखं वाचा. बठ्ठं. एक अक्षर सोडानं नही. समाप्ती व्हयनी का अंगठा दिसू.” आणि सगळे वाचायचे, अक्षर गाळायचे नाही, समाप्तीनंतरच अंगठा, हे आबांनी, माझ्यादेखत, पुस्तकावर हात ठेवून कबूल केले.

चातुर्मासात वाचन सुरू झाले. कोपऱ्यात चौरंग, त्यावर तांबडे फडके, फडक्यावर तो जाडजूड ग्रंथ. अक्का सुपारी आणि दोन केळी ठेवून हात जोडीत. प्रारंभीचे अध्याय राजकारणाचे : कोण मंत्री पडला, कोणी कोणाशी समेट केला. मग घराघरांतले हाल, तांदळाचे भाव, रॉकेलच्या रांगा. रेशनच्या अध्यायाला अक्कांनी फूल वाहिले, कारण त्या रांगेत त्या स्वतः उभ्या होत्या. शेवटी लढाया. समाप्ती दोन बैठकांवर आली की आबा एका पानावर थांबत, घसा खाकरत आणि म्हणत, “आज इतकंच...” मग चातुर्मास संपे. पुढच्या वर्षी आरंभ पुन्हा पहिल्या पानापासून! अशी तीन वर्षे गेली. एकदा इंदू मला कोर्टाच्या पायऱ्यांवर भेटली. म्हणाली, “तांदूळना भाव माले पाठ व्हयी गयात, नाना. मी सवाशीन शे का नही, तेवढंच कोनी वाचत नही.”

मी तसाच वाचनालयात गेलो. आवाज चढवूनच बोललो, ते मी नाकारत नाही.

“आबा, एकीची आशा जपण्यासाठी तुम्ही दुसरीचे आयुष्य अडवून धरले आहे. याला अन्याय म्हणतात.”

“तसं नाही, नाना.”

“मग कसं आहे?”

“तुला सांगितलं की तू पत्र लिहिशील.”

एवढे बोलून ते कपाट पुसायला लागले. मी घरी आलो आणि पत्र लिहिले.

तेरावा झाल्यावर अक्का आणि इंदू वाचनालयात आल्या. चोपड्याचा निरोप आला होता : दिवाळीपर्यंत वाट पाहतो, पुढे नाही. अक्का चौरंगापुढे बसल्या. “नाना, आते तुमीच वाचा. पोथी अर्धी ठेवानी नही.” मी फडके उलगडले. खुणेची तांबडी चिंधी होती तिथून वाचू लागलो आणि दुसऱ्याच परिच्छेदात मला ती नदी भेटली. ‘वळणावरील या चकमकीत आपल्या बाजूची किरकोळ हानी झाली.’ पुढच्याच ओळीत लेखक राजधानीतल्या मेजवानीकडे वळला होता. ‘किरकोळ’ या शब्दाखाली नखाची खोल खूण होती. वाचनालयाच्या पुस्तकावर खूण करण्यास सक्त मनाई आहे, हे आबांनीच स्वतःच्या हाताने लिहून भिंतीवर लावले होते...

म्हणजे आबा मृत्यू लपवीत नव्हते. रामदास गेला हे त्यांनी केव्हाच मानले होते, अक्कांनीही मानले असावे. त्यांना हा एक शब्द त्या आईला ऐकवता येत नव्हता. आणि एकही अक्षर सोडणार नाही असे वचन दिल्यामुळे तो गाळताही येत नव्हता. केवढा हा हट्टी, अव्यवहारी मनुष्य! एका विशेषणापायी एका तरुण बाईची तीन वर्षे खर्ची घातली, त्याबद्दल मी त्यांना आजही क्षमा करीत नाही. आणि मला सांगितले असते तर? पत्र मी लिहिलेच असते. पण ते मंडळाला नव्हे, त्या लेखकाला.

वचन आबांनी दिले होते. ते व्यक्तिगत होते. वारशाने मजकडे येत नाही. मी अक्कांना तसे काहीही कबूल केलेले नव्हते. कायद्याने मी मोकळा होतो. मी वाचले, “वळणावरील या चकमकीत आपल्या बाजूची हानी झाली.” आणि न थांबता मेजवानीसुद्धा वाचून काढली.

दुसऱ्या बैठकीला समाप्ती झाली. अक्कांनी ग्रंथाला हळदकुंकू वाहिले. गादीवर अंगठा टेकवताना त्या माझ्याकडे न पाहता म्हणाल्या, “आबा आठेच थांबी जायेत, नदीपाशी. तुमी थांबनात नही.” अंगठा अर्जावर उमटवून म्हणाल्या, “बरं करं.” इंदूने पदराने त्यांच्या अंगठ्याची शाई पुसली. पुसता पुसता ती रडली; अक्का रडल्या नाहीत.

दिवाळीआधी पाट लागला. लेखकाला, प्रकाशकाच्या पत्त्यावर, मी दोन पत्रे पाठवली आहेत. माझी मागणी साधी आहे : पुढील आवृत्तीतून तो शब्द काढावा, अथवा तो कोणाला किरकोळ वाटला त्याचे नाव द्यावे. उत्तर नाही. तिसरे पत्र आज टाकतो आहे.

नवे ग्रंथपाल तरतरीत आहेत. चौरंग अडगळीत टाकावा आणि निवाडे पुन्हा वर आणावेत, असे त्यांनी मला आनंदाने सांगितले. मी लेखी हरकत घेतली आहे.