सिंहाच्या तोंडी गेलेली मावशी

नव्वदच्या दशकात मी दुबईत, देऱ्यातल्या एका ऑफिसात सेक्रेटरी होते. आम्ही इटालियन फरशा विकायचो आणि मालकही इटालियनच होता. एका हिवाळ्यात त्याची सत्तरीची मावशी त्याच्याकडे राहायला आली. घरी कंटाळा येतो म्हणून ती रोज ऑफिसात येऊन बसायला लागली. माझ्या समोरची खुर्ची तिनं बळकावली, सिगारेट पेटवली आणि मोडक्या इंग्रजीत जाहीर केलं, "मी सिनेमानटी होते. तू टाइप करत राहा, मी बोलते."

ती बोलायची आणि मी चुकीचं टाइप करायचे.

तरुणपणी ती रोममध्ये गाजली होती, निदान तिच्या म्हणण्याप्रमाणे तरी. गावातली सौंदर्यस्पर्धा जिंकली, निर्मात्याच्या नजरेत भरली आणि पहिल्याच सिनेमात नदीवर कपडे धुतले. "लोकांनी कपडे पाहिलेच नाहीत," ती म्हणायची, "गुडघे पाहिले!" त्या गुडघ्यांच्या जोरावर बाईंना बढती मिळून त्या थेट राणी झाल्या. मग वर्षानुवर्षं तेच. पुठ्ठ्याचे राजवाडे, पत्र्याचा मुकुट आणि शेवटी मरण. कधी विष पिऊन, कधी कड्यावरून पडून. हिरो मात्र हमखास वाचायचा आणि एखाद्या सोज्वळ गरीब मुलीशी लग्न करायचा.

"आणि आवाज माझा नाहीच," ती एक दिवस म्हणाली.

तिकडे तेव्हा संवाद नंतर डब करायची पद्धत. मावशीचा आवाज घोगरा, बोली अस्सल खेडवळ. बाजारात मासे विकायला उत्तम, सिंहासनावर बसायला नालायक. त्यामुळे तिच्या तोंडून कायम दुसऱ्याच एका बाईचा मधाळ आवाज यायचा.

"तुम्हाला वाईट नाही वाटलं?"

"वाटलं ना! ती बाई मेली तेव्हा मी फुलं पाठवली. स्वस्तातली."

पुढे निर्मात्यानं तिला राणीच्या आईचं काम देऊ केलं. त्याच दिवशी ती सिनेमा सोडून घरी निघून आली. "खलास," ती म्हणाली. हा एक अरबी शब्द ती दुबईत आल्या आल्या शिकली होती.

तिच्याकडे एका सिनेमाची व्हिडिओ कॅसेट होती. भाच्याला ती बघायची नव्हती, म्हणून एका शुक्रवारी, सुट्टीच्या दिवशी, मी मावशीलाच आमच्या घरी बोलावलं. बिल्डिंगमधली चार मराठी कुटुंबं जमली. बटाटेवडे झाले. माझ्या सासूबाई तेव्हा पुण्याहून व्हिजिट व्हिसावर आल्या होत्या. मावशीची सिगारेट बघून त्यांनी खुर्ची मुद्दाम लांब सरकवली.

सिनेमा सुरू झाला. पंधराएक मिनिटांतच राणीनं हिरोला कवटाळून असा काही मुका घेतला, की समस्त नवरेमंडळी एकदम ताठ बसली. मी मुलांना आत जायला सांगितलं. "मम्मी, वी हॅव सीन वर्स," माझी लेक म्हणाली आणि जागची हलली नाही.

सासूबाईंनी पदरानं डोळे झाकले होते. पदराआडून त्या म्हणाल्या, "अगं, विचार तिला, नवरा काही बोलला नाही का?"

मी विचारलं.

"कुठला नवरा?" मावशी म्हणाली.

मी मराठीत सांगितलं. सासूबाईंनी पदर खाली घेतला, खुर्ची उचलली आणि थेट मावशीशेजारी आणून ठेवली.

तेवढ्यात पडद्यावर राणी दरबारात उभी राहिली आणि त्या मधाळ आवाजात बोलायला लागली. मावशी उठली, टीव्हीचा आवाज पार बंद केला आणि आपल्या फाटक्या, घोगऱ्या आवाजात ते सगळं भाषण स्वतः म्हणाली. एक ओळ चुकली नाही. इतक्या वर्षांनंतर! इटालियनचा एक शब्द कुणाला कळत नव्हता, पण वडे हातातच राहिले. ती राणी खरंच कुणाची तरी मान उडवेल असं पहिल्यांदाच वाटलं. शेवटी राणीला खायला सिंह आला, तेव्हा मावशीनं त्याला अशी काही शिवी हासडली, की भाषांतर करायची गरजच पडली नाही.

"तो सिंह म्हातारा होता, दात नव्हते त्याला," ती बसता बसता म्हणाली. "हिरोपेक्षा मात्र त्याच्या तोंडाला कमी वास यायचा."

सासूबाईंनी आपल्या ताटलीतला वडा तिच्या ताटलीत ठेवला.

दुसऱ्या दिवशी मी ऑफिसात, नवरा ऑफिसात, आणि या दोघी टॅक्सी करून सोन्याचा बाजार बघायला गेल्या. एकीला मराठीशिवाय काही येत नव्हतं, दुसरीला मराठीचा गंध नव्हता. संध्याकाळी सासूबाई परतल्या, तर नऊवारीवर भलामोठा काळा चष्मा.

"आई, हे काय?" नवऱ्यानं विचारलं.

"ऊन फार आहे तुमच्याकडे," त्या म्हणाल्या आणि चष्मा न काढताच चहा मागितला.