सूट घालून या

माझ्या जावयाने व्यावसायिक बेसबॉलमध्ये चौदा हंगाम काढले. त्यातला बहुतेक वेळ तो बाकावर बसून होता. उरलेल्या वेळात तो असा पळाला, की बसण्याबद्दल त्याला कोणी बोललं नाही.

शिन्गो नेगोरो त्याचं नाव. शाळा संपल्यावर तो माझ्याकडे कामाला आला. इसोहामा बंदरात आम्ही इमारतींना परांच्या बांधत असू. मी मुकादम होतो. पहिल्याच दिवशी हा पोरगा खांद्यावर लोखंडी नळी घेऊन चौथ्या मजल्याच्या फळीवरून पळत गेला. मी त्याला खाली बोलावलं.

"कोणी मागे लागलंय का तुझ्या?"

"नाही, मुकादम."

"मग पळालास कशाला?"

"चालायला वेळ लागतो."

मी त्याला आठवडाभर खाली बसवून नळ्या जोडायच्या गंजलेल्या पकडी घासायला लावल्या. त्याने त्या अशा घासल्या की बाकीच्या गड्यांनी आपल्याही आणून दिल्या. त्या त्याने घासल्या नाहीत. "तुमच्या तुम्ही घासा," म्हणाला. तेव्हा मला तो पहिल्यांदा आवडला.

मग मी त्याला वर घेतलं आणि एकच गोष्ट शिकवली. फळीवर पाऊल टाकताना पायाने विचारता कामा नये. जिथे टाकायचं ते डोळ्यांनी आधीच ठरवायचं आणि टाकायचं. अर्ध्यात पाय थबकला, पुढे जाऊ का म्हणून त्याने विचारलं, की माणूस पडतो. मी पडलेली माणसं पाहिली आहेत. त्यांतलं वाऱ्याने कोणी पडलं नव्हतं.

तो दोन हिवाळे माझ्याकडे होता. गाठी बांधणं, दोर ओढणं, नळ्या जुळवणं, सुट्या करणं, सगळं शिकला. कोणी गडी आजारी पडला की त्याच्या जागी शिन्गो. रविवारी तो गावच्या हौशी संघात खेळायचा. तिसऱ्या हिवाळ्याआधी सीगल्स या व्यावसायिक संघाने निवड चाचणी ठेवली. तीनशे पोरं आली होती. त्यांनी शिन्गोला घेतलं, तेही अगदी शेवटी, शिकाऊ म्हणून. शिकाऊंच्या पाठीवर तीन आकडी नंबर असतो. त्या नंबरावर मोठ्या मैदानात उतरता येत नाही.

"एकशे चोवीस नंबर," तो मला दाखवायला आला.

"बराच मागे आहेस रांगेत," मी म्हणालो.

माझी मुलगी मिहो तेव्हा चहा घेऊन आली होती. ती हसली. माझ्या बोलण्याला ती कधी हसत नसे, म्हणून मी नीट पाहिलं. ती माझ्याकडे बघतच नव्हती.

तीन वर्षांनी त्याला दोन आकडी नंबर मिळाला. त्याचं काम ठरलेलं असायचं. सामना अटीतटीचा, शेवटची इनिंग, आपला एखादा दांडगा पण जड फलंदाज पहिल्या बेसवर पोचलेला. त्याला बसवायचं आणि त्याच्या जागी शिन्गोला उभं करायचं. पिचरने चेंडू टाकायला हात हलवला की हा दुसऱ्या बेसकडे सुटायचा. चेंडू आधी पोचला तर बाद, हा आधी पोचला तर बेस चोरला. बाद झाला तर सामना तिथेच गेला, आणि तो कोणामुळे गेला हे तीस हजार लोकांना दिसायचं.

पण नुसतं पळणाऱ्याला दिवसाला एकदा वापरतात आणि विसरतात. हे त्याला लवकर कळलं. मग तो एकेक जागा शिकत गेला. पहिला बेस, दुसरा, तिसरा, दुसऱ्या-तिसऱ्याच्या मधली जागा, मागची तिन्ही मैदानं. जागेप्रमाणे हातमोजा वेगळा लागतो. त्याच्या पिशवीत चार असायचे. रात्री तो त्यांना तेल लावत बसायचा, आणि कधीच न वापरलेल्यालाही तेवढंच तेल लावायचा. मी हे पाहिलं आणि लग्नाला हरकत घेतली नाही.

लग्नानंतरही तो मला मुकादमच म्हणत राहिला. मिहो चिडायची. "बाबा म्हण की रे! लोक म्हणतील, बायको मजुरीत मिळाली."

"मिळालीच आहे," तो म्हणायचा. "पकडी घासून."

एक गोष्ट मात्र घरात सगळ्यांना सोसावी लागली. तो पोटभर जेवत नसे. पोट भरलं की पाय जड होतात म्हणायचा. सामन्याच्या दिवशी शेवटची इनिंग होईपर्यंत काहीच नाही. सुट्टीच्या दिवसांतही एक छोटी वाटी भात, की हात आखडता. मिहोने त्याच्यासाठी लहान मुलांची असते तसली वाटी आणली होती. सामन्याच्या संध्याकाळी ती टीव्ही बंद करून स्वयंपाकघरात भांडी घासत राहायची, घासलेलीच पुन्हा. आमच्या गल्लीतली मासेवाली तोमे मोठ्याने रेडिओ लावायची. तिथून आरडाओरडा ऐकू आला की मिहो नळ बंद करायची आणि आवाज आनंदाचा आहे का ते ऐकायची.

मागच्या सप्टेंबरात, हंगामाच्या शेवटच्या आठवड्यात, मी मैदानात होतो. शेवटच्या इनिंगला शिन्गोला पहिल्या बेसवर उभं केलं. पिचरचा हात हलला. शिन्गोचा उजवा पाय अर्धा उचलला, पुन्हा जमिनीला टेकला आणि मग सुटला. एवढंच. फलंदाजामागच्या कॅचरने दुसऱ्या बेसकडे चेंडू वाकडा फेकला म्हणून हा वाचला. लोक उभे राहून ओरडले. दुसऱ्या बेसवर तो कपडे झाडत उभा होता आणि खाली आपल्या पायाकडे बघत होता.

दुसऱ्या दिवशी आम्ही स्नानघरात गरम पाण्याच्या हौदात बसलो होतो.

"काल पायाने विचारलं ना?" मी म्हणालो.

"दिसलं तुम्हाला?"

"मलाच दिसणार. बाकीचे चेंडू बघत होते."

"मॅनेजरने पाठ थोपटली माझी," तो म्हणाला. "मला घाम फुटला."

माझा पाय अठ्ठावन्नाव्या वर्षी विचारायला लागला होता. त्याच दुपारी मी खाली उतरलो आणि कमरेचा पट्टा दुसऱ्याच्या हातात दिला. पण मी तेव्हा अठ्ठावन्नाचा होतो. हा पस्तिशीचा, आणि याला पळण्याखेरीज दुसरं काही आपल्याला येतं असं वाटत नव्हतं.

ऑक्टोबरात फोन आला. संघाच्या कचेरीतून हिराइवा बोलत होते, खेळाडूंचे करार त्यांच्याकडे असतात. "उद्या दहा वाजता या. सूट घालून या."

आमच्याकडे ऑक्टोबरात असा फोन आला की त्याचा अर्थ लहान पोरालाही कळतो. खेळाडूला काढायचं असलं की त्याला सूट घालून बोलावतात. मिहोने सूटला इस्त्री केली. विजारीची घडी तिने इतक्यांदा दाबली की मी म्हणालो, "कापेल कोणाला तरी." सकाळी तोमेने दुकानातून पाहिलं आणि माशावरचा बर्फ सारत म्हणाली, "नवरदेवासारखा दिसतोस रे शिन्गो!" मग तिच्या लक्षात आलं की ऑक्टोबर आहे. ती आत निघून गेली.

मी त्याला माझ्या छोट्या ट्रकमधून नेलं. तो आत गेला आणि मी समोरच्या बागेत बाकावर बसलो. एक सिगारेट पुरी व्हायच्या आत तो बाहेर आला. चेहरा असा, की काही कळेना.

"झालं?" मी विचारलं.

"घोटाळा झाला, मुकादम."

ट्रकमध्ये बसून त्याने सांगितलं. आत हिराइवा होते आणि मॅनेजर तोगाशी होते. दोघे उठून उभे राहिले. याला वाटलं, ज्यांनी इतकी वर्षं सांभाळलं त्यांना असलं काही तोंडाने बोलायला लावणं बरं नव्हे. म्हणून हा दारातच कमरेत वाकला आणि म्हणाला, "तुम्ही त्रास घेऊ नका. मीच खेळणं थांबवतो. आजवर सांभाळलंत, उपकार झाले."

मग तोगाशी म्हणाले, "नेगोरो, पिचरने हात हलवायच्या आधीच सुटलास की रे तू."

टेबलावर आणखी एका वर्षाचा करार ठेवलेला होता. सूट फोटोसाठी सांगितला होता. एकाच संघात दहा वर्षांच्या वर राहिलेल्यांचा फोटो कचेरीत लागणार होता. फोनवरच फोटोचं सांगायला हवं होतं, आणि हिराइवांनी त्याबद्दल दोनदा मान लववली. मग म्हणाले, "मी काही ऐकलं नाही. बसा, सही करा."

"केलीस?"

"नाही. हात पुढे जाईना. म्हटलं, संध्याकाळी सहापर्यंत सांगतो." त्याने टाय सैल केला. "मुकादम, ते 'थांबवतो' म्हणालो ना, तेव्हा मला खूप हलकं वाटलं. दार उघडून परत बाहेर येईपर्यंत. मग करार पाहिला आणि पुन्हा जड झालो. तुम्ही असता तर काय केलं असतंत?"

"मी उतरलो तेव्हा मला वर बोलवायला कोणी आलं नव्हतं," मी म्हणालो. "मला काय माहीत?"

घराच्या वळणावर तो म्हणाला, "जरा शाळेच्या मैदानावर घ्या."

शाळेला सुट्टी होती. त्याने कोट काढून ट्रकच्या आरशाला अडकवला, बूट काढले आणि मोज्यांवर मातीत उभा राहिला. मला पिचरच्या जागी उभं केलं.

"मला चेंडू टाकता येत नाही," मी म्हणालो.

"टाकू नका. हात हलवा फक्त. फसवा मला."

मी हात हलवला. तो सुटला. पाय विचारून सुटला. तो परत आला. "पुन्हा." मी थोडा वेळ थांबून हात हलवला. पुन्हा तेच. एकदा मी मुद्दाम नाक खाजवलं, तेव्हा तो जागचा हलला नाही. डोळे अजून पक्के होते, म्हणजे दोष तिथे नव्हता. "पुन्हा." घामाने सदरा पाठीला चिकटला. शेवटच्या खेपेला तो पलीकडे घसरत गेला, विजारीसकट, गुडघ्यावर. आणि तिथेच मातीत बसून हसायला लागला.

मी जवळ गेलो. "लागलं?"

"नाही." त्याने उजव्या पायावर थाप मारली. "दर वेळी विचारतोय हा. आणि मला उत्तर द्यायचा कंटाळा आलाय, मुकादम. सगळा हंगाम मी त्याला हो म्हणत होतो. आता नाही म्हणतो."

"नक्की?"

"अजून एक वर्ष काढलं तर एक दिवस हे तीस हजार लोकांना दिसेल. आज फक्त तुम्हाला दिसलं."

त्याच्या कामाला मी आयुष्यात दोनदा 'ठीक' म्हणालो होतो, एकदा पकडींच्या वेळी आणि एकदा लग्नात. त्या मैदानावर तिसऱ्यांदा म्हणालो. तो उठला आणि कोट अंगात न घालताच त्याने हिराइवांना फोन लावला. मी ट्रककडे गेलो, पण तो मोठ्याने बोलत होता, ऐकू येत होतं. आधी आभार. मग नकार. मग बराच वेळ पलीकडून कोणीतरी बोललं.

"नव्या पोरांना पळायला शिकवा म्हणतात," तो ट्रकमध्ये बसत म्हणाला. "फेब्रुवारीत शिबिर आहे."

"मग काय सांगितलंस?"

"म्हटलं, यावेळी घाई करणार नाही. जेवून सांगतो."

गल्लीत तोमेने त्याच्या गुडघ्यावरची माती पाहिली. "अगं बाई! कचेरीत पाया पडून लोळलास की काय?"

"नाही काकू. घसरलो, पण पोचलो."

"बाद का सुरक्षित?"

"सुरक्षित," तो म्हणाला. "दोन मोठे बांगडे द्या."

मिहो दारात उभी होती. तिने आधी गुडघे पाहिले, मग तोंड. त्याने दोन वाक्यांत सगळं सांगितलं, करार होता हेही सांगितलं. मी माझ्या मुलीच्या चेहऱ्याकडे पाहत होतो, कारण तिची निराशा झाली असती तर ती मला आधी दिसली असती. ती वळली आणि तांदळाच्या डब्याकडे गेली.

"मग तांदूळ वाढवते," ती म्हणाली. जरा वेळाने आतूनच ओरडली, "आणि ती पँट काढ आधी! घडी घालायला मला किती वेळ लागला माहीत आहे?"

सहा वाजता आम्ही जेवायला बसलो. बांगडा भाजलेला, मुळ्याचं लोणचं, मिसोचं सूप. त्याने छोटी वाटी संपवली आणि सवयीने खाली ठेवली. मिहोने ती उचलली, आत नेली आणि माझ्या वाटीएवढ्या मोठ्या वाटीत भात भरून आणला. त्याने तो खाल्ला. मग वाटी पुन्हा पुढे केली. तोमेचा रेडिओ चालू होता, दुसऱ्याच कुठल्या तरी संघांचा शेवटचा सामना, शेवटची इनिंग. लोक ओरडले. मिहो भाताचा डाव हातात घेऊन त्याला वाढत होती. तिने कान दिला नाही.

तिसरी वाटी संपल्यावर तो पाय पसरून भिंतीला टेकला.

"पाय जड झाले, बाबा," तो म्हणाला.