वीस फुटांमागे एक फूट

आजवर मी सलग पंचवीस मिनिटं बोलले आहे ती एकदाच. गडचिरोलीला, गणित विभागातल्या फळ्यासमोर, हातात बल्बची माळ घेऊन. माझ्या ओळखीच्या माणसांना हे सांगितलं तर माळेवर विश्वास बसेल, पंचवीस मिनिटांवर बसणार नाही.

मी कमी बोलते. घरी वडशाला झाडीबोली, शाळेत नर्सरीपासून इंग्रजी, आणि कॉलेजात आल्यावर सगळे जी बोलत ती पुस्तकी मराठी. तिन्ही भाषा मला येत होत्या आणि तिन्हींत गप्प बसायचीही सवय झाली होती. लेखी परीक्षेत याने काही बिघडत नाही. बिघडलं ते एमएस्सीच्या शेवटच्या वर्षी, प्रोजेक्टच्या सेमिनारला.

विषय चिठ्ठ्या टाकून दिले होते. माझ्या चिठ्ठीत एका फंक्शनचं नाव होतं. एका जर्मन गणितज्ञाचं ते नाव इतकं अवघड की विभागात सगळे त्याला नुसतं जीडी म्हणत. शाळेत साइन, कोसाइन, टॅन शिकवतात ती वर्तुळातून आलेली मंडळी. पुढे कॉलेजात त्यांचीच चुलत भावंडं भेटतात, तीही साइन आणि कोसाइनच, पण हायपरबोला नावाच्या उघड्या वक्रातून आलेली. या दोन घरांमध्ये ये-जा करायची तर सहसा काल्पनिक संख्यांचा आधार घ्यावा लागतो. जीडीला तो लागत नाही. त्यात एका बाजूने हायपरबोलिक संख्या घालायची, दुसऱ्या बाजूने साधा वर्तुळाचा कोन बाहेर येतो. मला ते फार आवडलं होतं. महिनाभरात मी त्याची सगळी सूत्रं पाठ केली.

पहिल्या सेमिनारला मी फळा भरून सूत्रं लिहिली. एकही चूक नव्हती. प्रोजेक्टचे सर शेवटच्या बाकावर बसून बघत होते.

"अक्षर छान आहे बेटा," ते म्हणाले. "आता सगळं पुसून टाक."

मी पुसलं.

"आता सांग, यात आत काय जातं आणि बाहेर काय येतं? सूत्र नको. मला दाखवता येईल अशी वस्तू सांग."

मी डस्टर हातात धरून उभी राहिले. सर थांबले.  माझ्या डोक्यात उत्तर होतं की नव्हतं हे मला आजही सांगता येणार नाही. मागून माझ्याच वर्गातली एक मुलगी म्हणाली, "सर, तिचं म्यूट काढायचं राह्यलं." सगळे हसले. सरही हसले, मग गंभीर झाले.

"पुढच्या शुक्रवारी बाहेरचे परीक्षक येणार आहेत. त्या दिवशी बोललीस तर पास. नाही बोललीस तर मी कशाचे मार्क देऊ? पुढच्या वर्षी याच दिवसांत परत यावं लागेल."

एक वर्ष. मी वही पिशवीत टाकली आणि संध्याकाळच्या बसने आरमोरीमार्गे घरी आले.

घरी बाबा एकटेच होते. आई सावली गावी तिच्या भावाच्या धानाच्या कापणीला गेली होती. बाबा मंडपाचे वायरमन आहेत. दिवाळीनंतर झाडीपट्टीतली नाटकं सुरू झाली की वडशाच्या नाटक कंपन्या गावोगाव जातात, आणि ज्या मैदानात नाटक असेल तिथे बाबा दुपारीच पोचून स्टेजची आणि रस्त्याची रोषणाई करतात. त्यांचा मदतनीस तापाने पडला होता.

"कॉलेज नाई का तुले?" त्यांनी विचारलं.

"शुक्रवारी हाय."

"मंग चल. माळा धराले माणूस नाई."

सेमिनारचं मी काही सांगितलं नाही. त्यांनी विचारलंही नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही टेम्पोत बसून दहा-बारा कोसांवरच्या एका गावी गेलो.

बाबांचं काम मी लहानपणापासून दुरून पाहिलेलं, पण माळेचं दुसरं टोक हातात धरून कधी पाहिलं नव्हतं. वीस फुटांच्या दोन सागाच्या बल्ल्या, म्हणजे खांब, त्या आधी सारख्या उंचीच्या करून घ्यायच्या. मग शिडीवर चढून माळ बांधायची. मध्ये किती झोल आला हे बघायला बाबा कधीच मागे सरकून उभे राहत नव्हते. त्यांच्या खिशात सागाचा एक तिकोनी गुटका, म्हणजे ठोकळा, होता, कुण्या जुन्या नाटकाच्या सुताराने कापून दिलेला, वापरून वापरून काळा पडलेला. त्याची उभी बाजू ते बल्लीला टेकवत आणि तिरपी बाजू तारेखाली धरत. तार त्या तिरप्या बाजूवर बरोबर बसली की गाठ आवळायची. झालं.

"मधात पाहाचं नाई का?" मी विचारलं. घरच्यांसोबत असले की माझी बोली आपोआप बदलते.

"मधात पाहून काय करशील? खांबापाशी बरोबर असन तं मधात बरोबरच असते."

स्टेजवर कंपनीतली एक वयस्क नटी केस वाळवत बसली होती. विनोदी कामं करणारी. ती बराच वेळ माझ्याकडे बघत होती.

"काय गा भाऊ, पोट्टी मुकी हाय का?"

"इंग्लिश मीडियमची हाय बाई," बाबा शिडीवरून म्हणाले. "मोजून बोलते."

"आमच्या नाटकात तं मुक्याच्या पार्टालेही डायलॉग असते!"

मला हसू आलं. ते तिला आवडलं असावं, कारण तिने मला बोलावून मुरमुरे दिले. तिच्याशी बोलताना का कोण जाणे, मी शुक्रवारचं सगळं सांगून टाकलं. बाबा लांब होते. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मले अजूनही भेव वाटते. पडदा उघडला का मी पहिल्या लायनीतलं एकच माणूस पकडते. त्यालेच सांगते. बाकीचे चोरून ऐकतेत."

दुपारी मैदानाच्या फाटकाची माळ बांधायची होती. इतर खांबांमधलं अंतर चाळीस फूट, इथे साठ. बाबांनी पुन्हा तोच गुटका काढला आणि मी न राहवून बोलले.

"बाबा, अंतर वाढलं तं कोनही वाढवावा लागन."

"काऊन?"

"माळ मोठी हाय. जास्त लोंबन."

 बाबांनी गुटका माझ्या हातात दिला आणि शिडीवरून उतरले. "बांध तुझ्या मनानं."

मी गुटक्याच्या तिरप्या बाजूवर लाकडाची एक ढलपी धरून कोन वाढवला आणि त्याप्रमाणे माळ सैल सोडून बांधली. खाली उतरून पाहिलं तर मला ती छान दिसली.  थोड्या वेळाने कंपनीचा टेम्पो पडद्यांच्या चौकटी टपावर घेऊन फाटकातून आत आला आणि माळ टपावरच्या चौकटीत अडकली. फट्, फट्, फट्. तीन बल्ब गेले. ड्रायव्हर ओरडला, नटी स्टेजवरून ओरडली, बाबा मात्र शांतपणे काचा गोळा करायला लागले.

"तीन बल्बात शिकली," ते म्हणाले. "मले सात लागले होते."

नवे बल्ब लावून त्यांनी माळ परत बांधली. साध्या गुटक्याने. या वेळी टेम्पो खालून सहज गेला.

"चाळीस फुटाले बेचाळीस फूट तार," बाबा गाठ मारता मारता म्हणाले. "साठाले त्रेसष्ट. वीस फुटामागं एक फूट जास्तीची. मंग गुटका आपोआप बसते. मैदान कोणतंही असो."

मी तिथेच थांबले. मोकळी लोंबणारी माळ हा हायपरबोलिक कोसाइनचा वक्र असतो, हे माझ्या वहीच्या पहिल्याच पानावर होतं. ते मी तिथे लिहिलं होतं आणि विसरले होते. पिशवीतून कंपासपेटी काढून मी गुटक्याचा टोकदार कोपरा मोजला. तीस अंश. म्हणजे खांबापाशी तार आडव्या रेषेशी तीस अंश करते. स्टेजच्या फळीवर बसून मी वही उघडली. तीस अंशांवरून जीडी उलटा चालवला. आत जाणारी संख्या निघाली ०.५४९. त्या संख्येवरून तारेची लांबी काढली, तर ती अंतराच्या १.०५ पट आली.

वीस फुटांमागे एक फूट.

मी परत एकदा केलं. तेच आलं. कोन तोच ठेवला की आत जाणारी संख्या तीच राहते, आणि संख्या तीच राहिली की माळेचा आकारही तोच, फक्त लहान किंवा मोठा. म्हणून एकच गुटका सगळ्या मैदानांना चालतो. ढलपी लावून मी तो आकारच बदलून टाकला होता. महिनाभर मी जे पाठ करत होते ते बाबांच्या खिशात होतं, आणि जे त्यांच्या खिशात होतं ते का चालतं हे त्या क्षणी त्या मैदानात फक्त मला माहीत होतं. मला उठून ओरडावंसं वाटलं. मी ओरडले नाही, पण नटीने विचारलं, "काय झालं वो, गालातल्या गालात हासून राह्यली?"

"शुक्रवारचं काम झालं," मी म्हणाले.

निघताना मी बाबांकडे गुटका आणि एक छोटी माळ मागितली. त्यांनी कशाला म्हणून विचारलं नाही. माळ आधी लावून पाहिली, मग दिली.

शुक्रवारी बाहेरचे परीक्षक पहिल्या बाकावर बसले. मी त्यांना पकडायचं नाही असं आधीच ठरवलं होतं. त्यांच्या मागे ती म्यूटवाली मुलगी होती. मी तिला पकडलं.

"ही माळ आहे," मी तिला सांगितलं. "हिच्या अगदी तळाशी जो बाक असतो, त्यात एक वर्तुळ बसवता येतं. त्या वर्तुळाची त्रिज्या म्हणजे या माळेचं स्वतःचं माप. मधल्या तळापासून खांबापर्यंतचं आडवं अंतर त्या मापाने भागलं की जी संख्या येते ती आत जाते. खांबापाशी तार जो कोन करते तो बाहेर येतो. एवढंच."

तिने मान हलवली. मग मी पुढे बोलत गेले.

फळ्याच्या वर तक्ते टांगायची लांब लाकडी पट्टी होती, फुटाफुटावर खिळे ठोकलेली. मी परीक्षकांना म्हणाले, "अंतर तुम्ही सांगा, सर."

"दहा फूट."

मी साडेदहा फूट तार मोजली. माळ टांगायच्या आधीच पट्टीच्या खाली, बरोबर मध्यावर, सतरा इंच मोजून खडूने फुली मारली. मग दोन्ही टोकं दोन खिळ्यांना बांधली आणि हात सोडले. माळ हलली, हलली आणि थांबली. तार फुलीच्या मधून गेली होती. मी स्टुलावर चढून पट्टी आणि तार यांच्या फटीत गुटक्याचा टोकदार कोपरा सरकवला. तो घट्ट बसला.

 या वेळी वर्ग गप्प होता.

"आता सहा फूट," परीक्षक म्हणाले. ते पुढे सरकून बसले होते.

सहा फूट साडेतीन इंच तार, दहा इंचांवर फुली. तोच गुटका. पुन्हा बसला.

"आणि कोन पंचेचाळीस केला तर?"

"वीस फुटांमागे जवळपास पावणेतीन फूट जास्त तार लागेल," मी म्हणाले, आणि पुढचं तोंडातून आपोआप निघालं, "मंग ते लय लोंबते, सर. टेम्पो अडकते."

वर्ग हसला. मीही हसले. टेम्पोची आणि तीन बल्बांची गोष्ट सांगितली. परीक्षकांनी गुटका मागून घेतला, उलटसुलट करून पाहिला आणि त्यावरून अंगठा फिरवला.

"हा कोणी शोधला?"

"एका जुन्या नाटकाच्या सुताराने. पण चालवतात बाबा."

"माळ पेटते का?"

फळ्याशेजारीच प्लग होता. मी बटण दाबलं. लाल, पिवळे, हिरवे बल्ब खडूच्या फुलीवर लागले, आणि मागच्या बाकावरून सरांनी टाळी वाजवली. मग सगळ्यांनीच. म्यूटवाली मुलगी उभी राहून वाजवत होती.

बाहेर व्हरांड्यात येऊन मी बाबांना फोन लावला. ते कुठल्यातरी मैदानात होते, मागे कोणीतरी तबला ठोकून बघत होतं. सेमिनारचं त्यांना नटीने सांगितलं होतं, हे मला तेव्हा कळलं.

"खांब सारखे होते ना?" त्यांनी पहिलं विचारलं.

"पट्टी होती. एकदम सपाट."

"बल्ब किती फुटले?"

"एकही नाई."

"मंग पास झाली," बाबा म्हणाले आणि फोन ठेवून कामाला लागले.