पंचेचाळीसचा आकडा

साक्षी माझ्या वरच्या खोलीत राहायला आली तेव्हा मी तिला दोनच अटी घातल्या. आठवड्याला जिना धुवायचा आणि माझ्यासमोर रडायचं नाही. जिना तिने महिनोन्महिने धुतला नाही. रडली मात्र नाही, डॉक्टरांच्या दवाखान्यातसुद्धा नाही. तिथे खुर्चीचा दांडा धरून बसायची वेळ माझ्यावर आली.

पोरगी कुंडलची. बाप वीरधवल, ऊस आणि थोडी हळद करणारा. आई शालन. लहानपणी गावाजवळच्या स्टेशनात तिने इंजिनाच्या खिडकीत एक बाई बसलेली पाहिली आणि तिथेच तिचं ठरलं. मेकॅनिकलचा डिप्लोमा केला, सांगलीत येऊन अभ्यासाला बसली, सहायक लोको पायलटची परीक्षा पास झाली. आता फक्त रेल्वेची वैद्यकीय तपासणी उरली होती. रोज चहाला खाली यायची आणि मला शिकवायची, "बाई, हिरवा म्हणजे बिनधास्त जायचं. पिवळा म्हणजे हळू, पुढच्या सिग्नलला थांबायची तयारी ठेवून. तांबडा म्हणजे जागच्या जागी." इतक्या वेळा सांगितलं की मीच इंजिन घेऊन मिरजेपर्यंत गेले असते.

तपासणीआधी एकदा डोळे बघून घेऊ म्हणून मी तिला देवदत्तकडे नेलं. शाळेत मी त्याला विज्ञान शिकवलंय, आता तो डोळ्यांचा डॉक्टर आहे. लांबचं, जवळचं, सगळं तिने घडाघडा वाचलं. मी पर्स उचलली. तो म्हणाला, "बाई, बसा. रंगांचं राहिलंय." आणि ठिपक्याठिपक्यांचं पुस्तक काढलं.

पहिल्या पानावर बारा. ती म्हणाली बारा. दुसऱ्यावर मला स्वच्छ आठ दिसत होता. ती म्हणाली, "तीन."

मला वाटलं, थट्टा करतेय. पुढच्या पानावर सहा. ती म्हणाली पाच. एकोणतीसला म्हणाली सत्तर. आणि चाचरत नव्हती हो! पाढे म्हणावेत तसं खणखणीत चुकत होती.

मग देवदत्तने मागचं एक पान उघडलं. त्यावर नुसते ठिपके. मी म्हटलं, "यात काहीच नाही."

"पंचेचाळीस," साक्षी म्हणाली.

"कुठे पंचेचाळीस? उगाच काहीतरी सांगू नकोस!"

"बाई," देवदत्त हळूच म्हणाला, "पंचेचाळीस आहेत. तुम्हाला दिसणार नाहीत. तिला दिसतात."

साठ वर्षं मी याच डोळ्यांनी लोकांच्या चुका काढत आले. मी ते पान जवळ ओढून पुन्हा पाहिलं.

त्याने समजावलं. डोळ्याच्या मागच्या पडद्यावर रंग ओळखणाऱ्या पेशी तीन प्रकारच्या असतात. तिघींच्या खबरी जुळवून मेंदू रंग ठरवतो. त्यातली एक नीट खबर देईनाशी झाली की तांबडा, हिरवा, तपकिरी हे सगळे एकमेकांत मिसळतात. हे पान मुद्दाम असं केलेलं की आपल्याला तांबड्या-हिरव्याच्या गर्दीत आकडा हरवतो; जिला ती गर्दीच दिसत नाही तिला आकडा उठून दिसतो.

"पण मुलींना होत नाही हे!" मी बीएस्सीचा सगळा जोर लावून म्हटलं.

"क्वचित होतं, बाई. मुलाला एकट्या आईकडून आलं तरी पुरतं. मुलीला दोन्हीकडून यावं लागतं. वडिलांना आणा. आईचे वडील असतील तर त्यांनाही."

घरी येताना मला आठवायला लागलं. ही पोरगी टोमॅटो कायम दाबून बघून घ्यायची. कोथिंबीर निवडली की पिवळी पानं तशीच.

तिसऱ्या दिवशी सगळी वरात दवाखान्यात. वीरधवल, शालन, औंधहून आलेले शालनचे वडील हंबीरराव आणि त्यांच्या लीलाबाई. देवदत्तने तेच पान समोर धरलं.

"पंचेचाळीस," हंबीरराव मिशीवर हात फिरवत म्हणाले.

"पंचेचाळीस हाय की," वीरधवल म्हणाला.

लीलाबाई पुढे वाकल्या. "आवं, काय दिसतंय तुमास्नी? निस्ता चिखल हाय."

"मला बी काय न्हाई दिसत," शालन म्हणाली.

"बगा डॉक्टर!" हंबीरराव खूष. "सत्तरी गाठली तरी नजर कशी तेज हाय! ह्या बायकांस्नी आकडं कळत न्हाईत. तीस वर्सं सांगतोय, हिला रंगाचं काय कळत न्हाई. व्हय रं वीरधवल?"

"व्हय मामा. लय येळा बोललोय आपुन."

मी कपाळाला हात लावला. हे दोघं एकमेकांना साक्षीदार! एकाला चुकीचं दिसायचं, दुसरा मान डोलवायचा आणि खोट्या ठरायच्या लीलाबाई.

देवदत्तने नाती विचारून घेतली, आणि दोघांनाही साक्षीसारखंच आहे हे सांगितल्यावर मिशीवरचा हात खाली आला. मग हंबीरराव लेकीवर उखडले, "म्हंजे शालन, तुज्याकडनं आलं हे पोरीला!"

"आजोबा, त्यांच्याकडे तुमच्याकडून आलं," देवदत्त म्हणाला. "तुमच्या बहिणीकडेही तेच असणार. तिच्याकडून जावयांना."

कारण वीरधवल म्हणजे हंबीररावांच्या बहिणीचाच मुलगा. मामाची पोरगी हक्काची, म्हणून थाटात लग्न लावलेलं. एकाच घरातलं वाण दोन वाटांनी फिरून साक्षीच्या डोळ्यांत येऊन मिळालं.

"हिला औषध?" शालनने विचारलं.

"नाही."

शालनच्या डोळ्यांत पाणी आलं. साक्षी नुसती त्या पानाकडे बघत होती.

बाहेर चहाच्या गाड्यावर वीरधवलला कंठ फुटला. "पुस्तकच हाय न्हवं? पाठ कर."

"झालंय," साक्षी म्हणाली. "बारा, आठ, सहा, एकोणतीस. आणि मागच्या पानाला म्हणायचं, काय न्हाई." देवदत्तने बरोबर उत्तरं एकदाच सांगितली होती!

"मग मिटलं की!" हंबीररावांनी आणखी एक चहा मागवला.

"काय मिटलं?" मी ओरडले. "रुळावर काय पाठ करणार आहे ती?"

"बाई, सिग्नलमध्ये तांबडा तळाला असतो," साक्षी म्हणाली. "जागेवरून कळतं."

तिने ठरवलं होतं. तिच्या आवाजावरून मला ते समजलं, आणि खरं सांगते, मला तिची पहिल्यांदाच भीती वाटली.

संध्याकाळी त्यांना गाडीत बसवायला आम्ही स्टेशनवर गेलो. अंधारून आलं होतं. फलाटाच्या टोकाला उभं राहिलं की लांब रुळावर एक दिवा दिसत होता. खांब दिसत नव्हता, वरचे-खालचे दिवे दिसत नव्हते. काळोखात नुसता एक ठिपका.

साक्षी बराच वेळ तिकडे बघत राहिली. मग म्हणाली, "पप्पा, कुठला लागलाय?"

"पिवळा."

"आजोबा?"

"पिवळाच की."

"आज्जी, तुला?"

लीलाबाईंनी पदराने डोळे पुसून नीट पाहिलं. "तांबडा हाय. कुकवासारका." मग जरा भीत भीत म्हणाल्या, "न्हाई का?"

मी म्हटलं, "तांबडाच आहे."

फलाटावर माणसं होती, पोती होती, कुणाचं तरी पोर रडत होतं. साक्षी बापाकडे वळली.

"मलाबी पिवळाच दिसला, पप्पा. मी गाडी पुढं काढली असती."

वीरधवल त्या दिव्याकडे बघतच उभा राहिला. आयुष्यभर आपण काय काय बघितलं याचा हिशेब लागेना, असं त्याचं तोंड झालं होतं. हंबीरराव बाकड्यावर जाऊन बसले. थोड्या वेळाने मला त्यांचा आवाज ऐकू आला. ते बायकोला विचारत होते, "लीला, माजा हा पटका कसल्या रंगाचा गं?"

"हिरवा."

"घेतला तवा बी तू हिरवाच म्हनली हुतीस."

"मग? हिरव्याला काय म्हनू?"

तपासणीला साक्षी गेली. मी म्हटलं, कशाला जातेस? म्हणाली, "बोलावलंय तर जायला हवं." तिथल्या डॉक्टरांनी पुस्तक उघडलं, आणि तिने बारा, तीन, पाच, सत्तर असं जे दिसलं ते सांगितलं. शेवटी ते पान आलं. डॉक्टर म्हणाले, "यात काही दिसतं?"

पाठ केलेलं उत्तर तिच्या जिभेवर होतं. "काही नाही" म्हणायचं होतं फक्त.

"पंचेचाळीस," ती म्हणाली.

परत आली, चपला काढल्या आणि मला हे सगळं सांगितलं. मग बादली घेऊन गेली आणि जिना धुवायला लागली.