इंडोनेशियाच्या दोन बहिणी

मी काकूंना सलग दोन वर्षं फसवलं. मनात वाईट काही नव्हतं, होती फक्त भीती. पण फसवलं ते फसवलंच.

देवळाली कॅम्पात माझा केबलचा धंदा होता आणि डिश शेजारच्या काकूंच्या गच्चीवर. नव्वदच्या दशकात मी दुसरी, मोठी डिश आणली. हिंदी चॅनल शोधताना ती जरा जास्तच पूर्वेला फिरली आणि पडद्यावर इंडोनेशिया आला. सुरुवातीला नुसती गाणी. तबल्यासारखा ठेका, बासरी, चमचमत्या कपड्यांतली गायिका.

"अरे, ही तर आपल्याच सिनेमाची चाल! उचलली की मेल्यांनी!" असं म्हणून काकू स्वतःच पुढचं कडवं गुणगुणायच्या.

पुढे तिकडे खासगी चॅनल वाढले आणि मालिका सुरू झाल्या. मोठे बंगले, एकेका रडक्या चेहऱ्यावर तीनतीनदा कॅमेरा, मागे विजांचा कडकडाट. त्यातली एक काकूंना आवडली.

"तुला कळतं का रे यातलं काही? नसेल कळत तर काढ ती डिश. मला कुरडया घालायला जागा उरली नाही."

"कळतं ना, काकू. थोडी येते मला ती भाषा."

झालं. दर मंगळवारी दुपारी चारला मी काकूंच्या शेजारी बसून गोष्ट सांगू लागलो.

"या दोघी कोण?"

"बहिणी."

इथे माझ्या हातून पाप घडलं. काकूंची धाकटी बहीण त्र्यंबकेश्वरला, पूजा सांगणाऱ्यांच्या घरात दिलेली. बाहेरगावच्या यजमानांची पंगत त्यांच्या ओसरीवर बसे, घरची माणसं आत स्वयंपाकघरात. एकदा गर्दीच्या दिवशी बहिणीने काकूंचं पान घाईघाईत ओसरीवर मांडलं. सख्खी बहीण असून परक्यांत बसवलं, म्हणून काकू अर्धपोटी उठून आल्या. त्याला नऊ वर्षं झाली होती. बोलणं बंद ते बंदच. हे सगळं मला ठाऊक होतं.

"धाकटीने मोठीचा अपमान केलाय," मी म्हणालो.

"मुद्दाम?"

"छे, गडबडीत. रोज रडते बिचारी."

काकूंनी त्यावर चहासुद्धा विचारला नाही. मी मात्र पुढच्या प्रत्येक मंगळवारी धाकटीला रडवत राहिलो. शेवटी एका भागात मोठी पांढऱ्या कपड्यांत, केस मोकळे सोडून आली आणि धाकटीच्या गळ्याशी गेली.

"मिटलं, काकू! गळ्यात पडली!"

"मोठीच आली का आपणहून?"

"मोठीच."

दुसऱ्या दिवशी काकू लाडवांचा डबा घेऊन त्र्यंबकच्या गाडीत बसल्या. दोन्ही बहिणी खूप रडल्या म्हणे. महिन्याभराने धाकटी देवळालीला राहायला आली. त्याच सुमारास तोफखान्याच्या प्रशिक्षणाला आलेल्या एका इंडोनेशियन अधिकाऱ्याची बायको काकूंना बाजारात भेटली. हिंदी सिनेमे पाहून तिला मोडकंतोडकं हिंदी येत होतं. काकूंनी तिला मंगळवारीच जेवायला बोलावलं. मलाही.

मालिका लागली. काकू कौतुकाने म्हणाल्या, "ये दोनों बहनें. अब एक हो गईं."

"बहन? नहीं, नहीं. ये सास, वो बहू. सास मर गया. अभी भूत." आणि त्या दिवशी गळ्याशी नेमकं काय झालं, ते तिने स्वतःचा गळा दाबून दाखवलं.

काकूंनी माझ्याकडे पाहिलं. मी डिशच्या वायरकडे पाहिलं.

पानं वाढली गेली. तीन आत, स्वयंपाकघरात. माझं एकट्याचं बाहेर व्हरांड्यात.

"अगं ताई, त्यांना बाहेर कशाला?" आतून धाकटीचा आवाज.

"बसू दे. परदेशी माणूस आहे तो. तिकडची भाषा येते त्याला."

मग आत दोघी बहिणी इतक्या हसल्या की त्या पाहुणीलाही हसू आवरेना. मी मान खाली घालून पोटभर जेवलो. अर्धपोटी उठायचा हक्क मला नव्हता.